पळून गेलेले वाहन आणि वारसांचा हक्क
ठाण्यातील घोडबंदर रस्त्यावर धडक देऊन वाहन पळून गेले तर वारसांना काहीच मिळत नाही, असे म्हटले जाते. ते बरोबर नाही. १ एप्रिल २०२२ पासून अशा अपघातातील मृत्यूसाठी २ लाख रुपयांची तरतूद असून त्यासाठीचा अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे (अपघाताची भरपाई ठरवणाऱ्या न्यायालयाकडे) नव्हे, तर दावा चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे बहुधा प्रांत किंवा तहसीलदारांकडे, करावा लागतो. पुढे वाहन सापडले, तर ठाण्याच्या या न्यायाधिकरणात भरपाई मागता येते आणि ती मिळाल्यावर आधीचे पैसे त्यातून वळते होतात. तेथे, सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ मधील सरला वर्मा निकालानुसार, मृताचे वय ३१ ते ३५ असल्यास त्याच्यावर अवलंबून असलेल्यांच्या वार्षिक नुकसानीला १६ ने गुणतात. हे नुकसान मृताच्या उत्पन्नावरून काढतात, म्हणून त्या उत्पन्नाचा पुरावा आधी जमवावा.