गोव्यातलं उधाण आणि लाटा: तुमचे अनुभव लिहा

मे महिना सरत आला की घाटावरच्या नातेवाइकांचा फोन ठरलेला. "पाऊस नाही ना सुरू झाला अजून? मग शनिवार-रविवार येऊन जातो." समुद्रात उतरायचं की नाही हे आभाळाकडे बघून ठरवायचं, ही सवय गोव्यात जन्म काढलेल्या आपल्यालाही आहे. मला ती फार घातक वाटते. दूर दक्षिण हिंदी महासागरात वादळं होतात आणि तिथून निघालेल्या लांब लाटा काही दिवसांनी आपल्या किनाऱ्याला लागतात. एप्रिल-मेमध्ये हे बऱ्याचदा होतं. इथे लख्ख ऊन, वारा पडलेला, आणि पाणी थेट माडांच्या मुळांशी. हैदराबादची इन्कॉइस ही संस्था अशा लाटांचा इशारा आधी देते, पण तो वाचतं कोण?

म्हणून हा धागा काढला. तेरेखोलपासून पोळेपर्यंत कुठेही राहत असा, उधाणात आणि मोठ्या लाटांत तुम्ही स्वतः काय पाहिलंत, काय केलंत आणि कशाचा उपयोग झाला ते लिहा. ऐकीव नको.

मांद्रे, शॅकवाला

डिसेंबर 2017, ओखी चक्रीवादळ. वादळ आमच्यापासून शेकडो किलोमीटर लांब समुद्रात होतं, घरं पडावीत असं वारं काही आमच्याकडे नव्हतं. पण 3 तारखेला पौर्णिमा. एक तर उधाणाची भरती, त्यावर वादळाने ढकललेल्या लाटा. किनाऱ्यावरच्या कितीतरी शॅकमध्ये (हंगामापुरत्या उभारलेल्या खानावळींत) पाणी शिरलं. लाट आत येते ते सगळ्यांना दिसतं. ती परत जाताना काय करते ते मी तेव्हा जवळून पाहिलं. खांबाच्या बुडाची वाळू ओढून न्यायची. खांब उभाच दिसायचा, हात टेकवला की हलायचा.

थोरल्या भावाने आधीच ठरवून दिलं होतं: पहिल्यांदा मेन स्विच पाडायचा, मग गॅसचे सिलिंडर रस्त्यापलीकडे, मग माणसं मोजायची. फ्रिज, टेबलं, गाद्या शेवटी. आमची बरीच भांडी गेली, माणसाला खरचटलंही नाही. दरवर्षी शॅक बांधतानाच सामान कुठे न्यायचं ती जागा मालकाशी बोलून ठेवा. पाणी आल्यावर रात्री जागा शोधता येत नाही.

केरी, निवृत्त शिक्षक

आमच्या वडिलांचा हिशोब सांगतो. तिथीला पाऊणने गुणा, भरतीची वेळ येते. अष्टमीला आठ गुणिले पाऊण म्हणजे सहा, पौर्णिमेला पंधरा गुणिले पाऊण म्हणजे सव्वाअकरा. दिवसा आणि रात्री, दोन्ही वेळा. ढोबळ आहे, अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो, पण मोबाइल नसतानाही चालतो. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपासचे दोन-तीन दिवस पाणी सर्वांत वर चढतं. केरीच्या पुळणीवर (वाळूच्या किनाऱ्यावर) त्या दिवसांत भरतीच्या वेळी धुपून राहिलेल्या पट्टीत उभंसुद्धा राहू नये. मागे दगडी बांध, पुढे लाट, पळायला जागाच नसते.

बेतुल, होडीवाला

गुरुजी, हिशोब बरोबर आहे, मीही तोच करतो. पण तिथी भरती सांगते, लाट सांगत नाही. भांगाच्या (अष्टमीच्या आसपासच्या) दिवसांत पाणी कमी चढतं म्हणून निर्धास्त राहिलेले लोक मी पाहिलेत. दूरची लाट तिथी बघून येत नाही.

आमची साळ नदी जिथे समुद्राला मिळते तिथे वाळूचा दांडा आहे. सुकतीचं (ओहोटीचं) पाणी बाहेर धावतं, समुद्राची लाट आत येते, दोघांची टक्कर दांड्यावर. तिथे लाट उभी राहते आणि फुटते. होडी आडवी झाली की संपलं. मोठ्या लाटा घोळक्याने येतात, घोळका गेला की थोडी उसंत मिळते. बाहेरच थांबून दोन-तीन घोळके जाऊ द्यायचे, भरती लागू द्यायची, आणि मगच होडी सरळ ठेवून आत घालायची. घरी जेवण थांबलंय म्हणून घाई करायची नाही. लाइफ जॅकेट बसायला घेऊ नका, अंगात घाला. यांत्रिक बोटींना 1 जून ते 31 जुलै बंदी असते, तेव्हा छोट्या होडीवाल्यांच्या मदतीला दर्यात दुसरं कोणीच नसतं, हेही लक्षात ठेवा.

बार्देश, जीवरक्षकाचं काम केलेला

पर्यटक येऊन विचारतात, "तिकडे लाटा फुटतायत, इथे शांत आहे, पोरांना इथे उतरवू का?" नेमकी तीच जागा ओढीची. किनाऱ्याला येऊन आदळलेलं पाणी परत जायला वाट शोधतं. पाण्याखालच्या वाळूच्या उंचवट्यात जिथे खिंड असेल तिथून ते समुद्राकडे धावतं. खिंडीत पाणी खोल, म्हणून लाट फुटत नाही, म्हणून जागा शांत दिसते. थोडं उंचावर उभं राहून बघा: दोन्हीकडे पांढरा फेस, मध्ये गढूळ पट्टा, आणि त्यावरचा कचरा, फेस समुद्राकडे सरकतोय. एकदा ओळखायला शिकलात की दर वेळी दिसेल.

सापडलात तर किनाऱ्याकडे तोंड करून झगडू नका, चांगले पोहणारे त्यातच दमतात. ही ओढ माणसाला बाहेर नेते, खाली खेचत नाही. तरंगा, हात वर करा, किनाऱ्याला समांतर पोहत पट्ट्याबाहेर पडा आणि मग लाटांबरोबर तिरके या. दुसरं कोणी सापडलं तर मागोमाग उडी मारू नका. एकाला वाचवायला गेलेले भाऊ, मित्र असे एकामागोमाग गेल्याचं दुःख फार मोठं असतं. दोरी, रिकामा कॅन, बॉल, जे तरंगेल ते फेका आणि जीवरक्षकाला हाक मारा. लाल-पिवळा बावटा म्हणजे या पट्ट्यात आमचं लक्ष आहे. नुसता लाल म्हणजे पाण्यात पाय नको, घोट्याइतकासुद्धा.

आरोग्य केंद्रातली परिचारिका

वरच्यांना जोडून लिहिते. बाहेर काढलेल्या माणसाचं पोट दाबून किंवा त्याला उलटं धरून पाणी काढायचा प्रयत्न करू नका. त्यात वेळ जातो, आणि पोटातलं वर येऊन श्वासनलिकेत जातं. श्वास चालत नसेल तर आधी तोंडाने श्वास द्या, मग छातीवर दाब. 30 दाब, 2 श्वास, मदत येईपर्यंत. बुडालेल्याच्या शरीरात प्राणवायू संपलेला असतो, म्हणून श्वास आधी. शुद्धीवर आला, बोलला, पण खोकतोय, धाप लागतेय, तरी 108 बोलवाच. "आता बरा आहे" म्हणून हॉटेलवर नेलेला माणूस काही तासांनी बिघडू शकतो.

पणजी, मळा भागातला रहिवासी

आमच्याकडे लाट नाही, पाणी गटारातून उलटं येतं. पावसाचं पाणी उरे खाडीतून मांडवीला जातं. मांडवी भरतीने वर आली की ते जाणार कुठे? मुसळधार पाऊस आणि भरती एका वेळी जुळली की तासाभरात घोटे, मग गुडघे. म्हणून जून लागला की आम्ही पावसाच्या अंदाजाशेजारी मुरगावच्या भरतीची वेळ लिहून ठेवतो. इन्व्हर्टरची बॅटरी माळ्यावर, कागदपत्रं प्लास्टिकमध्ये, स्कूटर चढावर. पाण्यात बुडालेली गाडी पाणी ओसरल्यावर लगेच सुरू करून बघू नका. आणि पाण्यातून चालावंच लागलं तर काठी पुढे टेकत चाला, झाकण वाहून गेलेलं गटार वरून दिसत नाही. पायाला जखम असेल तर लेप्टोसाठी (साचलेल्या घाण पाण्यातून होणारा ताप) डॉक्टरांना दाखवा.

चोडण, खाजन शेतीतल्या घरची सून

आमचं उधाणही नदीतूनच येतं. खाजनाचा (खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या सखल शेताचा) बांध आणि मानस (बांधातलं पाण्याचं दार) यांच्या जिवावर आमचं भात. मानशीची दारं भरतीच्या दाबाने मिटतात, सुकतीला आतल्या पाण्याने उघडतात. दारात ओंडका किंवा प्लास्टिक अडकलं तर खारं पाणी रातोरात आत. शेतात एकदा ते उभं राहिलं की पीक गेलंच, जमीनही लगेच सुधारत नाही. कोरगूटसारखं खारेपण सोसणारं भात आता थोड्याच घरांत उरलंय.

माझे सासरे सुकतीच्या वेळी बांधावरून अनवाणी चालायचे. आतल्या उतारावर पायाला माती थंड, ओली लागली की थांबायचे, वाकून हात घालायचे. बहुतेक वेळा खेकड्याचं बीळ. बोटाएवढी धार असली तरी त्याच सुकतीला चिखल ठासून बुजवायची, पुढच्या भरतीवर ढकलायची नाही. आता बांध कोणाचा, दुरुस्ती कोणी करायची यावर बैठका होतात आणि बीळ तसंच राहतं. याचा मला मनापासून राग येतो. उधाणाच्या रात्री बांध फुटायला लागला तर मात्र त्याच्यावर जाऊन उभं राहू नका, पायाखालून जातो.

मोरजी

दोन ओळी. भाड्याची गाडी पुळणीवर घालू नका, ते बेकायदा आहे. वाळूत रुतते, भरती येते, आणि गाडी काढायच्या नादात माणसं कमरेएवढ्या लाटांत उभी राहतात. गाडी सोडा, बाहेर या.

धागाकर्ती

सगळ्यांचे आभार. खडकांबद्दल कोणी लिहिलेलं नाही म्हणून मीच लिहिते. 2018 मध्ये जीवरक्षक संस्थेने दोनापावला, हणजूण, वागातोर, काब द राम अशा जागा सेल्फीसाठी धोक्याच्या म्हणून जाहीर केल्या होत्या. खडक ओला, शेवाळलेला दिसला तर लाट तिथपर्यंत येते हे त्यावरच लिहिलेलं असतं. दहा मिनिटं कोरडा राहिला म्हणून पुढे जाऊ नका. घोळक्यातली मोठी लाट अजून यायची असते.

आगोंद, घरगुती निवास चालवणारी

पाहुण्यांना "जपून जा" म्हटलं की ते मान डोलावतात आणि विसरतात. म्हणून मी फळ्यावर वेळ लिहिते: "आज भरती साडेपाचला. चारनंतर खडकापलीकडच्या पुळणीवर जाऊ नका, परतीची वाट पाण्याखाली जाते." वेळ दिली की लोक ऐकतात. इन्कॉइसचा इशारा असेल तर तोही मराठी-हिंदीत लिहिते. खाली नंबर: 112, रुग्णवाहिका 108, समुद्रात कोणी अडकलं असेल तर तटरक्षक दल 1554. आणि फोनवर जागा कशी सांगायची तेही लिहून ठेवलंय, कारण घाबरलेला माणूस नुसतं "बीचवर" म्हणतो. गाव, पुळणीचं कुठलं टोक, आणि जवळची खूण: चर्च, खाडीचं तोंड, जीवरक्षकांचा मनोरा.