हाडाची 'बासरी' लिहावी का?

पांझराकाठ:
शाळेच्या प्रदर्शनात 'माणूस गायला कधी लागला' असा एक कोपरा करतोय. पुठ्ठ्याच्या पाट्या मीच लिहिल्या. पहिलीच पाटी अशी: 'गिधाडाच्या हाडाची बासरी. होले फेल्स गुहा, जर्मनी. सापडली २००८. वय सुमारे ४०,००० वर्षे. लांबी २१.८ सेंमी, भोकं ५.' आमच्या निवृत्त सरांनी लाल शाईने 'बासरी'वर काट मारली. बासरी म्हणजे बांस, उद्या कापसाची लोकर लिहाल म्हणे. 'वेणू' लिहावं तर तोही वेळूच. 'मुरली' म्हटलं की कृष्ण उभा राहतो, आणि बासरी आडवी. ही तर टोकाला खाचा असलेली, उभी धरून फुंकायची. काय लिहू? पाटी शुक्रवारी लागणार आहे.

शब्दवेडी:
काट लाल शाईने मारली ना? शाई म्हणजे स्याही, काळी. लाल शाई चालते, शेंगदाण्याचं तेल चालतं (तेल तिळाचं!), मग हाडाच्या बासरीनेच काय घोडं मारलंय? गाजराची पुंगीसुद्धा आपल्याकडे आहेच, वाजली तर वाजली.

आप्पा चाळीसगाव:
ताई, ते तेलाचं उदाहरण आता खवट झालं. तेलाला दुसरा शब्द नव्हता, म्हणून खपलं. इथे आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात यमाच्या घरी काय वाजतं? 'इयमस्य धम्यते नाळीः'. ही नाळी म्हणजे आपली नळीच. आणि नळी हाडालाही म्हणतात, खाटकाच्या दुकानात रविवारी उभं राहून बघा. हाड आणि वाद्य एकाच शब्दात आलं. 'नळी' लिहा.

गिरणाथडी:
आप्पा, 'गिधाडाची नळी' वाचून पोरं रस्सा कुठंय विचारतील.
पण आठवण निघालीच आहे तर सांगतो. आमचे आजोबा जेवताना नळी ताटाच्या काठावर ठकठक आपटायचे, आतला गर चोखून घ्यायचे, धोतराच्या सोग्याला पुसायचे. मग खालचं तोंड अंगठ्याने बंद करून वरच्या काठावर ओठ तिरका लावून फुंकायचे. शिट्टी निघायची, पण ओली. मध्येच चरबी आडवी आली की नुसतं फुर्र. आजी चुलीपासून ओरडायची, "रातले नका फुकू, साप यी घरमा!" त्या वाजणाऱ्या हाडाला घरात कोणी काहीच नाव ठेवलेलं नव्हतं. वाजवून झालं की ते कुत्र्याला.

शब्दवेडी:
नळी फुंकली सोनारे, इकडून तिकडे गेले वारे. मराठीत नळीची कीर्ती ही अशी. सूर निघत नाही तिच्यातून.

आप्पा चाळीसगाव:
म्हणून तर ती बरी! स्लोव्हेनियात दिव्ये बाबे गुहेत १९९५ मध्ये गुहाअस्वलाच्या पिल्लाचं मांडीचं हाड निघालं, भोकं असलेलं. एक पक्ष म्हणतो निअँडरथल माणसाने पाडली, दुसरा म्हणतो जनावराच्या सुळ्यांची आहेत. भांडण अजून चालू आहे. 'बासरी' लिहिलंत की निकाल तुम्हीच दिला. 'नळी' म्हटलं तर वारं इकडून तिकडे जातं, एवढंच कबूल केलं.

सातपुडी:
तुम्ही लोक पावा विसरूनच गेले. आमच्याकडे उभा धरतात तो पावा, आडवी धरतात ती बासरी. शेजारी गुजरातीतही पावोच आहे. 'हाडाचा पावा' लिहा, सरांना सांगा पाव्यात बांबू कुठे आहे ते दाखवा.

साक्रीकर:
पावा नाही दादा, पावरी. मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाच्या उत्सवात कोकणा आदिवासी वाजवतात ती. भोपळा, त्यात बांबूच्या दोन नळ्या (आप्पा खूश), पुढे शिंगाचं तोंड. पावरी हे नाव पावरा जमातीवरूनच आलं असणार.

सातपुडी:
मी स्वतः पावरा आहे. वाद्य कोकण्यांचं आणि नाव आमचं, हे कसं काय जमवलं?

शब्दवेडी:
चालायचंच. शब्दांची कुळं शोधणारे इतिहासाचार्य राजवाडे १९२६ साली धुळ्यातच गेले, तेव्हापासून तिथल्या पाण्यात व्युत्पत्ती उतरलीय. दोन शब्द सारखे ऐकू आले की लगेच सोयरीक.

गिरणाथडी:
मला वेगळंच खटकतंय. कोपऱ्यात सगळं जर्मनीचं का? आपल्या चाळीसगाव तालुक्यात पाटण्याला उत्खननात शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे मणी निघाले, सुमारे २५,००० वर्षांपूर्वीचे. (हो, शहामृग. खान्देशात.) एवढंसं कवच घासून, भोक पाडून गळ्यात घालणारी माणसं काय मुकी बसत असतील? चीनमध्ये जियाहूला करकोच्यासारख्या मोठ्या क्रौंच पक्ष्याच्या हाडाच्या बासऱ्या मिळाल्या, सुमारे ९,००० वर्षं जुन्या. एक तर अजून वाजते. टिकल्या कशामुळे? हाड म्हणून. आपल्याकडे बांबू. चार पावसाळे मातीत राहिला की त्याचा भुसा होतो.

शब्दवेडी:
म्हणजे सरांच्या व्याख्येत बसणारी बासरी जमिनीतून कधीच निघायची नाही, आणि जी निघेल ती बासरी नसेल. सरांना हे कळवा, माझं नाव न सांगता.

पांझराकाठ:
कळवतो. पण दुसरी पाटीही अडलीय. मानसशास्त्रज्ञ स्टीव्हन पिंकरने १९९७ मध्ये संगीताला 'कानाचा चीजकेक' म्हटलं. म्हणजे जगायला उपयोग शून्य, नुसती चैन. आमच्या पोरांनी चीजकेक पाहिलेला नाही. मी 'कानाला खापरावरचे मांडे' केलं.

आप्पा चाळीसगाव:
मांडे म्हणजे चैन? आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) नाही केले तर सासर-माहेर दोन्ही तुटतील! त्या पिंकरला मांड्याचं उदाहरण मिळालं असतं तर त्याचं मत उलटं झालं असतं. आणि कोपऱ्यावर 'संगीत' हा शब्द लिहू नका. 'संगीतरत्नाकर' लिहिणाऱ्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात देवगिरीच्या दरबारात सांगून ठेवलंय, गीत, वाद्य आणि नृत्त तिन्ही मिळून संगीत. एका हाडाचं संगीत होत नाही.

शब्दवेडी:
डार्विन १८७१ मध्येच म्हणून गेला की माणसाचे पूर्वज बोलण्याआधी सूर काढत असावेत. जे बोलतच नव्हते ते शार्ङ्गदेवाची व्याख्या कशी पाळणार, आप्पा?

साक्रीकर:
फुंकायचंच चाललंय म्हणून विचारतो. पपईच्या पानाचा देठ पोकळ असतो, त्याचं एक टोक चिरून आम्ही वाजवायचो. आम्ही त्याला पुंगी म्हणायचो. बाकीचे?

सातपुडी:
पिपाणी. शहाद्याकडे पपईचे मळेच मळे, मालक मागे लागायचा. पुंगी गारुड्याची.

गिरणाथडी:
आमच्याकडे भोंगा.

पांझराकाठ:
मंडळी, आज गुरुवार. पाटी?

आप्पा चाळीसगाव:
भोंगा मिलचा असतो. देठाचा नाही.