मदत हवी आहे: '२,४-डी डायमिथाईल अमाईन सॉल्ट ५८% एसएल' म्हणजे नेमकं काय?

बांधकरी (मानवत)

रामराम मंडळी. जायकवाडीच्या डाव्या कालव्याचं पाणी भेटतंय म्हणून यंदा आडसाली ऊस लावलाय. उसात चांदवेल, गाजर गवत, रानमाठ लई माजलंय आन् खुरपायला बाया मिळंनात. कृषी सेवा केंद्रात गेलो. त्यानं 'टू फोर डी' म्हणून दोन बाटल्या पुढं ठेवल्या. म्हणला, "कोणतीबी न्या, दोन्ही एकच." मला काय पटलं नाही. दोन्ही बाटल्यांचे फोटो काढून घरी आलो.

लेबलावरची अक्षरं मुंगीएवढी. फोटो मोठा करून वाचलं तर एकीवर '२,४-डी डायमिथाईल अमाईन सॉल्ट ५८% एसएल' आन् दुसरीवर '२,४-डी इथाईल एस्टर ३८% ईसी', त्याखाली बारीक 'यात २,४-डी ॲसिड ३४%'.

माझे प्रश्न:
हे २,४ काय हाय? मात्रा, टक्के, का आणखी काही? 'डी' कशाचा? ५८ वाली ३८ वालीपेक्षा जोरकस समजायची का? आन् एकच औषध असंल तर पुढची नावं वेगळी कशाला?

खरी अडचण पुढं हाय. उसाच्या उगवतीला बांधाला लागून चुलत्याची पऱ्हाटी हाय, दीड महिन्याची. चुलते आधीच बोलून बसलेत, "तुझ्या रानात काय मारायचं ते मार, माझ्या पऱ्हाटीला लागलं तर मग बघ." आमच्या घरात आधीच बांधावरून लई झालंय, त्यात भर नको.

एकच_नंबर

भाऊ मारा बिनधास्त. २.४ म्हणजे लिटरला २.४ मिली. आमच्याकडं सगळे मारतात.

मास्तर_अंबाजोगाई

वरच्या भाऊंचं कृपा करून कुणी मनावर घेऊ नका. २ आणि ४ यांच्यामध्ये स्वल्पविराम आहे, दशांश चिन्ह नाही. त्याचा मात्रेशी काही संबंध नाही.

पूर्ण नाव आहे २,४-डायक्लोरोफिनॉक्सी ॲसिटिक ॲसिड. बारावीच्या मुलांना मी हे नाव उजवीकडून वाचायला लावायचो. शेवटी ॲसिटिक ॲसिड, म्हणजे व्हिनेगरमधलंच आम्ल. त्याला 'फिनॉक्सी', म्हणजे ऑक्सिजनमार्फत बेंझीनचं सहा कार्बनचं कडं जोडलेलं. त्या कड्यावर 'डायक्लोरो', म्हणजे क्लोरीनचे दोन अणू. ते कुठे बसलेत हे आकडे सांगतात. ज्या कार्बनला ऑक्सिजन चिकटलाय तो पहिला धरायचा आणि तिथून मोजत जायचं. दुसऱ्यावर एक क्लोरीन, चौथ्यावर दुसरा. 'डी' हे डायक्लोरोफिनॉक्सी ॲसिटिक ॲसिडचं सुटसुटीत रूप. दुकानाच्या पाटीवर '२४ डी' लिहिलेलं मी पाहिलंय, ते चूक आहे.

एका आकड्याने काय फरक पडतो तेही सांगतो. पाचव्या कार्बनवर आणखी एक क्लोरीन बसवला की २,४,५-टी होतं, ते वेगळंच रसायन.

आता तुमचा मुख्य प्रश्न. शुद्ध २,४-डी हे आम्ल पाण्यात फारसं विरघळत नाही. फवारता यावं म्हणून कारखान्यात त्याचं रूप बदलतात. डायमिथाईल अमाईन या अल्कलीबरोबर त्याचा क्षार केला की ते पाण्यात सहज विरघळतं, हीच तुमची पहिली बाटली. एसएल म्हणजे पाण्यात विरघळणारं द्रव. आम्लाची इथाईल अल्कोहोलबरोबर प्रक्रिया केली की एस्टर होतो. तो तेलकट, पाण्यात विरघळत नाही, म्हणून त्यात द्रावक आणि साबणासारखे पदार्थ घालून ईसी करतात. ईसी पाण्यात ओतलं की दुधासारखं पांढरं होतं. पानात शिरल्यावर दोन्हींतून शेवटी तेच आम्ल मोकळं होतं. तेवढ्यापुरतं दुकानदाराचं 'एकच' खरं.

५८ आणि ३८ ची तुलना थेट करू नका. ते टक्के क्षाराचे आणि एस्टरचे आहेत, आम्लाचे नाहीत. २,४-डी चा रेणुभार २२१. डायमिथाईल अमाईन क्षाराचा २६६. म्हणून ५८ गुणिले २२१ भागिले २६६, म्हणजे साधारण ४८ टक्के आम्ल. इथाईल एस्टरचा रेणुभार २४९. ३८ गुणिले २२१ भागिले २४९ केलं की ३३.७ येतात. लेबलावर जे ३४ दिसलं ते हेच. तुम्ही ती बारीक ओळ वाचलीत याचं मला कौतुक वाटलं. आता प्रत्येक बाटलीची एकरी मात्रा वेगळी असते, ती त्या त्या लेबलावरूनच घ्यायची. एकीची मात्रा दुसरीला लावायची नाही.

गोदाकाठ (माजलगाव)

मास्तरांनी नावाचं सांगितलं, मी पऱ्हाटीचं सांगतो.

बांधकरी दादा, एस्टर घेऊच नका. स्वस्त असली तरी नको. एस्टरची वाफ होती. तुम्ही सकाळी वारं नसताना फवारून घरी गेलात, दुपारी ऊन तापलं की पानावरून, मातीवरून ती उडती आन् शेजारच्या रानात जाती. तुमच्या हातात काय राहात नाही. अमाईनची वाफ तशी होत नाही. पण म्हणून ती निर्धास्त असंबी नाही. फवारताना बारीक थेंब वाऱ्यावर गेले तर तीबी तेवढीच मारती. पावसाळ्यात आपल्याकडं वारं बहुतेक मावळतीकडून असतंय, आन् तुमच्या चुलत्यांची पऱ्हाटी उगवतीला. म्हणजे सगळं त्यांच्याच अंगावर.

लागलं की कसं ओळखायचं? शेंड्याची नवी पानं अरुंद निघतात, कडा खोल कातरल्यासारख्या, शिरा ताणून सरळ झालेल्या. भेंडीचं पान दिसतंय. पात्या, बोंडं धरत नाहीत. लोक व्हायरस आला म्हणून दुकानात जातात आन् आणखी दोन औषधं घेऊन येतात. आमच्या शिवारात एकानं उसाला वापरलेला पंप नुसता पाण्यानं खंगाळून पऱ्हाटीला मावा-तुडतुड्याचं औषध मारलं, तर सगळा प्लॉट तसा झाला. कापसाला हे रसायन फार थोडंसुद्धा पुरतं.

म्हणून तणनाशकाचा पंप वेगळाच ठेवा. जमत नसंल तर धुण्याच्या सोड्याच्या पाण्यानं भरून रात्रभर ठेवा, नळी-नोझल सगळ्यातून काढा, मग साध्या पाण्यानं दोन-तीनदा. तरीबी मी त्या पंपानं पऱ्हाटी फवारणार नाही.

बांधकरी (मानवत)

मास्तर, गोदाकाठ दादा, लई उपकार. मग ऊस कसा काय मरत नाही? आन् हराळीबी हाय मधी मधी, ती जाईल का?

मास्तर_अंबाजोगाई

हराळी जाणार नाही. ऊस, ज्वारी, मका, गहू, हराळी ही सगळी गवताच्या कुळातली. २,४-डी हे वनस्पतीच्या ऑक्झिन नावाच्या वाढीच्या संप्रेरकाची नक्कल करतं. झाडाचं स्वतःचं ऑक्झिन काम झालं की मोडलं जातं, हे सहज मोडत नाही. रुंद पानाच्या झाडात पेशी वेड्यावाकड्या वाढत सुटतात, देठ पिळवटतात, अन्नरस वाहणाऱ्या नळ्या बंद पडतात. गवतकुळातली झाडं ते बऱ्यापैकी निष्प्रभ करतात आणि त्यांच्या आत ते फार फिरतही नाही. कापूस, सोयाबीन, तूर, द्राक्ष, टोमॅटो ही सगळी दुसऱ्या बाजूची.

१९४५ च्या सुमारास हे बाजारात आलं. निवडून तण मारणारं इतकं स्वस्त रसायन तोपर्यंत शेतकऱ्याला मिळालेलं नव्हतं, म्हणून ते जगभर पसरलं.

आंबट_गोड (अंबड)

मला गंमत वाटायलीय. आमच्या मोसंबीत फळगळ थांबवायला हेच २,४-डी सांगतात! १५ पीपीएम, म्हणजे १०० लिटर पाण्यात दीड ग्रॅम, सोबत एक किलो युरिया. इतक्या कमी मात्रेत ते फळाचा देठ धरून ठेवतंय. पण ते शुद्ध रसायन असतंय, वजनकाट्यावर मोजून, आधी थोड्या अल्कोहोलमध्ये विरघळवून घ्यायचं. तणनाशकाची बाटली उघडून अंदाजानं टोपण ओतायचं काम नाही. ज्यांना हिशोब जमत नाही ते जिबरेलिक ॲसिड (वाढीचं दुसरं संप्रेरक) वापरतात. मी तेच करतो.

एकच_नंबर

बरं चुकलं माझं. पण ते व्हिएतनाममधी अमेरिकेनं फवारलं ते हेच ना? मग उसातून आपल्या पोटात जाणार की.

मास्तर_अंबाजोगाई

अर्धं खरं. एजंट ऑरेंज हे २,४-डी आणि २,४,५-टी यांच्या एस्टरचं अर्धं-अर्धं मिश्रण होतं. १९६२ ते १९७१ या काळात अमेरिकेने तिथे तणनाशकं फवारली. तिथल्या माणसांचे जे भयंकर हाल झाले त्याला मुख्यतः टीसीडीडी हे डायॉक्सिन जातीचं विष कारण, आणि ते २,४,५-टी बनवताना त्यात उतरायचं. म्हणूनच वर पाचव्या कार्बनवरच्या त्या जादा क्लोरीनचा उल्लेख केला.

याचा अर्थ २,४-डी निरुपद्रवी असा नव्हे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये त्याला 'कर्करोगास कारण ठरू शकेल' या गटात टाकलं, त्यासाठी माणसांमधला पुरावा अपुरा असल्याचंही नोंदवलं. तात्काळ धोका डोळ्यांना. अमाईन क्षार डोळ्यात उडाला तर गंभीर इजा होते. बाटली उघडताना आणि द्रावण करताना चष्मा आणि हातमोजे घालाच. आपल्याकडे लोक उघड्या हाताने काठी ढवळतात, मला ते बघवत नाही.

गोदाकाठ (माजलगाव)

एक राहिलं. पाणी बोअरचं घेणार का कालव्याचं? आमच्या बोअरच्या पाण्यानं भांड्याला पांढरा थर बसतोय. असल्या जड पाण्यात अमाईन सॉल्ट फाटतंय.

मास्तर_अंबाजोगाई

बरोबर. जड पाण्यातलं कॅल्शियम आणि मॅग्नेशियम त्या आम्लाला धरून बसतात, तयार होणारा क्षार नीट विरघळत नाही. तणावर परिणाम कमी होतो आणि नोझलही तुंबतं. मग माणूस म्हणतो औषध बोगस आहे आणि मात्रा वाढवतो. कालव्याचं गढूळ नसलेलं पाणी किंवा साठवलेलं पावसाचं पाणी घ्या.

बांधकरी (मानवत)

ठरलं मग. अमाईनच घेणार, एस्टरची बाटली त्याच्याच दुकानात राहू दे. पक्कं बिल घेणार, त्यावर पूर्ण नाव लिहून मागणार. पंप मामाचा जुना आणतो, तो तणनाशकालाच ठेवायचा. चुलत्याच्या बाजूच्या सरी सोडून देणार, तिथं खुरपंच. रोजगार द्यावा लागंल पण भांडण नको.

आता आणखी एक. हे सगळं वाचून आज चुलत्याच्या रानात बघून आलो. माझ्याकडनं अजून थेंबबी गेला नाही, तरी ओढ्याकडच्या दोन तासांत (ओळींत) शेंडे तसेच निघालेत, कातरलेले. तिकडं पलीकडं कुणीतरी ज्वारीत मारलं असंल. ती पऱ्हाटी उपटायची का?

गोदाकाठ (माजलगाव)

उपटू नका लगेच. थोडं लागलं असंल तर झाड सावरतंय. बिघडलेले शेंडे खुडून टाका, पाणी असंल तर द्या, आन् १० लिटरला २०० ग्रॅम युरिया घालून फवारा, चांगल्या पंपानं. दोन-तीन आठवड्यांत फुटणारी नवी पानं रुंद यायला लागली की समजायचं सुटलं. नवीबी तशीच कातरलेली आली तर मग परभणीला कृषी विद्यापीठात फांदी दाखवून या. आन् दादा, चुलत्यांना ती दोन तासं आजच दाखवा, तुमचा फवारा व्हायच्या आधी. फोटोबी काढून ठेवा.

बांधकरी (मानवत)

हो. सांजच्याला त्यांना घेऊनच जातो रानात.