गर्ट फ्रोबे: श्रेय चेहऱ्याचं की आवाजाचं?

पडद्यामागचा
काल इथे एकाने लिहिलं, "फ्रोबे म्हणजे एकच भूमिका, तीही उसन्या आवाजात. बाकी आडदांड जर्मन." ती 'एकच भूमिका' म्हणजे 'गोल्डफिंगर' या बॉन्डपटातला खलनायक; तो साकारणारा जर्मन नट गर्ट फ्रोबे. वाचून डोकं फिरलं.

१९४८चा 'बर्लिनर बलाडे' पाहिलाय का? युद्धावरून परतलेला, नुसता हाडांचा सापळा झालेला ओट्टो नॉर्मालफरब्राउखर हा फ्रोबेच! 'सामान्य माणूस' म्हणायला जर्मन लोक आजही ते नाव घेतात. आणि १९५८चा 'एस गेशाह आम हेलिख्टेन टाग'? लहान मुलींचा खुनी. घरात वयाने मोठ्या, पैसेवाल्या बायकोपुढे हा धिप्पाड माणूस मान खाली घालून बोलणी खातो. तोच रानात हातात बाहुली घालून पोरीपुढे खेळ करतो, तेव्हा अंगावर काटा येतो. घरातला दबलेला राग त्याच हातात उतरलेला दिसतो. बॉन्डपटाच्या निर्मात्यांनी हे काम बघूनच त्याला घेतलं. म्हणजे 'गोल्डफिंगर' ही सुरुवात नव्हे, आधीच्या कामाची पावती.

कोरा कागद
ते मीच लिहिलं होतं, आणि मागे घेणार नाही. जगाला तो 'गोल्डफिंगर'मुळेच माहीत आहे आणि त्यातला इंग्रजी आवाज मायकेल कॉलिन्स या दुसऱ्या नटाचा. आवाज म्हणजे अर्धा नट.

सायली_डबिंग
अर्धा? जास्तच! पंधरा वर्षं डबिंग करतेय. एका मालिकेत नायिकेचा आवाज बसला, तर सलग अकरा भाग मी बोलले. त्यातल्याच रडण्याच्या प्रसंगासाठी तिला बक्षीस मिळालं. मी घरी टीव्हीवर बघत होते. श्रेयनामावलीत नाव नाही, राहिलेले पैसे मागितले तर फोन उचलला नाही. कॉलिन्सचंही नाव 'गोल्डफिंगर'मध्ये नाही. त्याच्याबद्दल कुणाला का राग येत नाही?

पडद्यामागचा
सायलीताई, तुमच्यावर अन्यायच झाला. पण त्याची भरपाई फ्रोबेकडून का? त्याचं इंग्रजी कच्चं होतं. नंतर डबिंग नीट बसावं म्हणून दिग्दर्शकाने त्याला भरभर बोलायला लावलं. त्या घाईतही डोळे, मान, गोल्फच्या मैदानावरची चिडचिड, सगळं त्याचंच आहे. जर्मन आवृत्तीत तर तो स्वतःच बोललाय.

सायली_डबिंग
दुसऱ्याच्या ओठांवर श्वास बसवून बघा एकदा, मग बोला. 'आवाज काय, कुणीही देईल' हे मी रोज ऐकते. इथेही तेच!

पडद्यामागचा
'कुणीही देईल' असं मी कुठे म्हणालो? वाचून तरी उत्तर द्या.

कोरा कागद
आवाजाचं राहू द्या. फ्रोबे नाझी पक्षात होता हे का लपवता? त्यावरून इस्राएलने त्याच्या चित्रपटांवर बंदी घातली होती.

जुना_प्रेक्षक
अर्धंच सांगू नका. १९२९ साली, म्हणजे सोळाव्या वर्षी पक्षात गेला आणि १९३७ साली बाहेर पडला. आपल्याला आणि आपल्या आईला फ्रोबेने लपवून वाचवलं, असं एका ज्यू माणसाने पुढे येऊन सांगितलं, तेव्हा बंदी उठली. सभासदत्व पुसलं जात नाही, मान्य. पण ते दोन जीवही मोजा.

कोरा कागद
मोजतो. तरी पक्षात आठ वर्षं होता, हे माझ्या मनातून जात नाही. १९५८चा तो चित्रपट मात्र मी पाहिलेला नाही. 'एकच भूमिका' हे शब्द तेवढे मागे घेतो, बाकी नाही.

सायली_डबिंग
मी जर्मन 'गोल्डफिंगर'चे काही प्रसंग आत्ता बघितले. त्याचा स्वतःचा आवाजही दमदार आहे, नाही म्हणत नाही. पण लेझरच्या प्रसंगात इंग्रजीतलं ते "मरायचं" असं सांगणारं वाक्य लोकांच्या कानात आहे ते कॉलिन्सचं. पुढच्या वेळी फ्रोबेवर लिहाल तेव्हा त्याचंही नाव लिहा.

पडद्यामागचा
लिहीन.