प्रभावळकर: विग उतरवल्यावर काय उरतं?

पिटातला प्रेक्षक:
'दशावतार' सिनेमा दुसऱ्यांदा पाहून आलो. ऐंशी ओलांडलेला माणूस बाबुली मेस्त्री असा उभा करतो, त्याला सलाम. पण परतताना डोक्यात एक किडा वळवळत होता, तो इथे सोडतो. दिलीप प्रभावळकर म्हटलं की आपण डोळे झाकून 'अष्टपैलू' म्हणतो. पुरावा काय, तर 'हसवाफसवी' नाटकातल्या सहा भूमिका. म्हणजे सहा विग, सहा आवाज आणि विंगेतली धावपळ. कसरत म्हणून टाळ्या घ्या, पण अभिनय? 'झपाटलेला'तला तात्या विंचू, मुन्नाभाईतले गांधीजी, बाबुली, सगळीकडे चेहऱ्यावर काहीतरी चढवलेलं. माझ्या मते ते अव्वल नकलाकार आहेत. नट म्हणून मला शंका आहे. पडा तुटून.

ओटीवरची:
आबा टिपरे कुणाची नक्कल होती हो? २००१ साली 'श्रीयुत गंगाधर टिपरे' सुरू झाली तेव्हा ते ५७ वर्षांचे होते. आमच्या घरात सगळे त्यांना आजोबाच समजायचे. आणि आबा बोलतात ते सोडा, ऐकतात कसे ते बघा. शिऱ्याची थाप पकडलेली असते, पण तोंडावर सुरकुतीसुद्धा हलत नाही.

पिटातला प्रेक्षक:
मालिका त्यांच्याच 'अनुदिनी' या पुस्तकावरून. 'हसवाफसवी'ही त्यांनीच लिहिलेलं. स्वतःच्या मापाने शिवलेला सदरा अंगाला बसणारच की.

गिरगाव चौपाटी:
बरं, मग दुसऱ्याचा सदरा घ्या. चिं. वि. जोशींचा चिमणराव! दूरदर्शन कृष्णधवल होतं तेव्हाचा. पुस्तकातला चिमणराव आता मला त्यांच्याच चेहऱ्याने दिसतो, आणि शेजारी बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ.
आणि २००२ चा 'एन्काउंटर: द किलिंग' पाहिलाय का? त्यातला पुनाप्पा? टीव्हीवर आबा चालू असतानाच हा माणूस थेटरात गुंड होऊन अंगावर काटा आणत होता.

पिटातला प्रेक्षक:
पुनाप्पा भारी, मान्य. पण तिथेही ओळखू न येणं हेच कौतुक. माझा मुद्दा तोच तर आहे!

रात्रपाळी:
तुमचा मुद्दा विगाच्या पुढे सरकतच नाहीये. 'हसवाफसवी'तले हेरंबकर आठवा. संगीत नाटकाच्या जमान्यातला तो थकलेला गायक नट. आधीच्या सोंगांना पोट धरून हसणारं थिएटर त्यांच्या वेळी असं गप्प झालं होतं की मागच्या रांगेतला खोकलासुद्धा ऐकू आला. विग तिथेही होताच ना?

सदाफुली:
मी सहसा नुसती वाचते, आज लिहिते. माझा धाकटा भाऊ 'चौकट राजा'त प्रभावळकरांनी केलेल्या गतिमंद नंदूसारखा आहे. आईने तो सिनेमा अर्ध्यावर बंद केला होता. खोटा वाटला म्हणून नाही. आनंद झाला की भावाचे हात त्याचं ऐकत नाहीत, ते तिने पडद्यावर पाहिलं आणि उठून आत गेली. मला स्वतःला काही जागी नंदू जरा जास्त गोड वाटतो, तेवढं सोडून देते. पण नकलाकार म्हणू नका.

गिरगाव चौपाटी:
नंदू १९९१ चा आणि तात्या विंचू १९९३ चा, दोन वर्षांच्या अंतराने! आणि गांधीजींसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही हिंदीवाल्यांनी पुढे 'सरकार राज'सारखे दोनचार तुकडेच टाकले. भांडायचंच तर त्यावर भांडू.

कुडाळकार:
रंगाबद्दल बोलताय म्हणून सांगतो. आमच्याकडे कोकणात दशावतारी, म्हणजे दशावतार या लोकनाट्यातला नट, आपला रंग आपणच लावतो. पेटाऱ्याशेजारी बसून, हातात एवढासा आरसा घेऊन. लिहिलेली संहिता हातात नसते, कथा माहीत असते आणि संवाद उभ्या उभ्या सुचतात. दिवसा शेतात राबणारो गडी रात्री राजा होता. तेका कोण नकलाकार म्हणूक गेलो तर देवळाभायर काढतले!

पिटातला प्रेक्षक:
कुडाळकार, कळलं, येत नाही तिकडे. सदाफुली, तुम्हाला द्यायला माझ्याकडे उत्तर नाही. 'नकलाकार' मात्र अजून मागे घेत नाही, आधी हेरंबकर पुन्हा बघतो. कुणाकडे बऱ्या आवाजाचं रेकॉर्डिंग आहे का? माझ्याकडचं अर्ध्यात तुटतं.