1961 ची दृश्यं मोकळी झालीत, मग सेकंदावर पैसे कशाला?

मांडवीकाठ: गोवा मुक्तीवरच्या माहितीपटांच्या अंदाजपत्रकात जुन्या सरकारी वार्तापटांसाठी अजून ‘परवाना शुल्क, दर सेकंदाला’ अशी ओळ असते. कशासाठी? 1957 च्या कायद्यात सिनेमाचा हक्क, म्हणजे कॉपीराइट, 60 वर्षांचा, मोजायचा प्रसिद्धीच्या पुढच्या 1 जानेवारीपासून. सरकारी कृतींनाही तोच हिशेब. डिसेंबर 1961 त पडद्यावर आलेला वार्तापट 2021 सरताना मोकळा झाला. चित्रीकरण 19 डिसेंबरचं, पण प्रदर्शन जानेवारीत असेल तर आणखी एक वर्ष. तेही कधीच उलटलं.

मूकरीळ: मांडवीकाठबाब, हक्क मोकळा झाला, डबा नव्हे. निगेटिव्ह फिल्म संग्रहाच्या ताब्यात आहे आणि तिथून फाइल घेताना ‘एकाच चित्रपटासाठी’ या अटीवर सही होते. मग कॉपीराइट संपला म्हणून तो करार सुटत नाही. यूट्यूबवरून उचलायचं म्हणाल, तर कोपऱ्यात लोगो आणि हलत्या कडांवर इंटरलेसचे (जुन्या टीव्ही पद्धतीच्या आडव्या रेघांचे) दाते. फोनवर खपतं, कला अकादमीच्या पडद्यावर नाही.

मांडवीकाठ: स्कॅनचे पैसे खुशाल द्या. पण बिलावर ‘प्रत व स्कॅन शुल्क’ लिहून घ्या आणि ते रिळावर ठरवा, वापरलेल्या सेकंदावर नको. 35 मिमीचं हजार फुटी रीळ 11 मिनिटांचं. ते एकदाच स्कॅन होतं, त्यातले तुम्ही 8 सेकंद वापरा नाहीतर 80.

फोंडा_एडिट: दोघंही आवाज विसरलात. चित्र मोकळं असलं तरी खालच्या संगीताचा हिशेब वेगळा: संगीतकाराच्या निधनानंतर 60 वर्षं. निवेदनाखाली बँड वाजत असेल तर ट्रॅक सरळ बंद करा.
पोर्तुगीज रिळांना तर हा युक्तिवाद लावूच नका. तिथे दिग्दर्शक, लेखक, संगीतकार यांतला शेवटचा गेल्यावर 70 वर्षं. भारतात एक वेळ चालेल, लिस्बनच्या महोत्सवात अडकाल. तिथे परवाना घ्याच, आणि महोत्सवापुरता स्वस्त घेतलात तर ओटीटीचा वाढीव दर त्याच करारात आकड्यानिशी लिहून घ्या. फिल्म गाजल्यावर विचारलं की आकडा फुगलाच.

मूकरीळ: हे मान्य. आणि परवान्याचे सेकंद मोजायचे ते पिक्चर लॉकनंतर (संकलन पक्कं झाल्यावर), ईडीएलवरून, म्हणजे कटांच्या यादीवरून. दोन शॉटमध्ये 2 सेकंदांचा डिझॉल्व्ह (एक दृश्य दुसऱ्यात विरघळणं) असेल तर ते 2 सेकंद दोन्ही शॉटच्या नावावर चढतात; दोन वेगळे संग्रह असले तर दोघांच्याही बिलात. साधा कट मारलात की तेवढे वाचतात.

मांडवीकाठ: म्हणजे आता बिल बघून कट मारायचा?

फोंडा_एडिट: सध्या तसंच चाललंय. बरं, फाइल आली की वेग तपासा. सेकंदाला 24 फ्रेमचं रीळ 25 वर चालवलेलं असेल तर मिनिटाचा शॉट 57.6 सेकंदांत संपतो आणि संचलनातले जवान लगबगीनं चालतात. पैसे भरण्याआधी लो-रेस (कमी दर्जाच्या) प्रतीवरच पाहिलेलं बरं.