शब्दचर्चा : न्यायालयाचा अवमान, अपमान की बेअदबी?

प्रश्न :
शासनाने हायकोर्टाचा आदेश मुदतीत पाळला नाही म्हणून सचिवांना नोटीस निघाली, ही बातमी अधूनमधून असतेच. एका पेपरात 'अवमान', दुसऱ्यात 'बेअदबी', टीव्हीच्या पट्टीवर चक्क 'अपमान'. सचिवांनी कोणाला वाईटसाईट बोललेलं नसतं, फाईल नुसती पडून असते. मग मानापमान आला कुठून? सरळ 'आदेशभंग' का म्हणत नाहीत?

प्रतिसाद :
'अपमान' आधी बाद करू. 'अवमान'मध्ये 'मन्' धातू आहे, म्हणजे मानणे. 'अव' लागला की खालचं लेखणे, न जुमानणे. आदेश हातात आहे, वाचलाय, तरी जुमानला नाही, हा अवमानच. शिवी द्यायची गरज नाही.

१९७१च्या न्यायालय अवमान अधिनियमात दोन प्रकार आहेत. आदेश किंवा कोर्टाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडली तर दिवाणी अवमान. कोर्टाची बदनामी केली, न्यायदानात अडथळा आणला तर फौजदारी. 'बेअदबी' (बे + अदब) शोभलीच तर दुसऱ्या प्रकाराला. न हललेल्या फाईलला ती लावू नये.

'दिवाणी' शब्दाने मात्र फसायला होतं, नुसता दंड होत असेल असं वाटतं. कलम १२प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद होऊ शकते. दंडाची कमाल रक्कम २,००० रुपये, ती आजच्या सचिवाला काय जाणवणार! कैद मात्र जाणवते. लाकडावर चालणाऱ्या उद्योगांना परवानगी देऊ नका असा सुप्रीम कोर्टाचा आदेश असताना ती दिली गेली, म्हणून २००६मध्ये महाराष्ट्राचे तेव्हाचे वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव या दोघांना एकेक महिन्याची साधी कैद झाली.

दुसरा प्रतिसाद :
'आदेशभंग' सुटसुटीत आहे, पण पुरत नाही. आदेश मोडला की अवमान झालाच असं नसतं, तो जाणूनबुजून मोडलेला असावा लागतो. आदेशाचे खरोखरच दोन अर्थ निघत असतील किंवा तो पाळणं हाताबाहेरचं असेल, तर भंग होतो, अवमान नाही. म्हणून तर सरकारी प्रतिज्ञापत्रांत 'प्रशासकीय कारणास्तव विलंब' आणि शेवटी 'बिनशर्त माफी' ही जोडी हमखास असते. कोर्टाच्या आवारात हे सगळं कोणी बोलत नाही म्हणा, तिथे 'कंटेम्प्ट टाकली' एवढंच. याचिकेमुळे कंटेम्प्ट स्त्रीलिंगी!

आणि ती टाकताना अधिकाऱ्याला नावानिशी प्रतिवादी करतात. खातं काही तुरुंगात बसवता येत नाही.

मूळ प्रश्नकर्ता :
पटलं. मग सरकारी पत्रांतलं 'अनुपालन' म्हणजे नक्की काय? आदेश पाळला, की पाळतोय असं कळवलं?

प्रतिसाद :
अर्थ 'पाळणे' हाच. पण 'अनुपालन अहवाल सादर' एवढंच लिहिलं असेल तर फक्त कागद गेलाय असं समजा. काम झालं असेल तर 'आदेशाची पूर्तता केली' असं तारखेसह लिहावं. जाता जाता, हल्ली बातम्यांत 'अवमानना' दिसतं, ते हिंदीच्या वळणाचं. मराठीत 'अवमान' पुरेसा आहे, आणि तो करणारा 'अवमानकर्ता'. 'अवमानित अधिकारी' लिहिलं तर अर्थ नेमका उलटा होतो.